तंदुरुस्तीवर परिणाम करणारे घटक: हातातले, हाताबाहेरचे आणि मधल्या रकान्यातले

शारीरिक तंदुरुस्तीवर परिणाम करणाऱ्या घटकांची यादी शाळेपासून आपल्याला पाठ असते. वय, लिंग, आनुवंशिकता हाताबाहेर. आहार, व्यायाम, झोप, व्यसने हातात. यादीत चूक काही नाही, पण ती पाठ करून कुणाचा रक्तदाब उतरत नाही. ती कामाला लावायची तर हाताबाहेरच्या प्रत्येक घटकाला तीन प्रश्न विचारायला हवेत. याच्यामुळे कोणती तपासणी लवकर करायची? व्यायामाची मात्रा कशी बदलायची? स्वतःला मोजताना कोणते माप लावायचे? ही उत्तरे हाती आली की हातातल्या घटकांपैकी आधी कुठे जोर लावायचा हे ठरवणे सोपे जाते.

साहित्य फार लागत नाही. एक कोरा कागद, शिवणकामाची टेप, सेकंद दाखवणारे घड्याळ, हात नसलेली भक्कम खुर्ची आणि जमल्यास दंडाला पट्टा बांधायचे रक्तदाबाचे यंत्र.

आधी एक गुंता

१९५३ साली ब्रिटिश साथरोगतज्ज्ञ जेरी मॉरिस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लंडनच्या दुमजली बसमधल्या कर्मचाऱ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. दिवसभर जिने चढउतार करणाऱ्या कंडक्टरांपेक्षा बसून गाडी हाकणाऱ्या ड्रायव्हरांना हृदयविकार जास्त होत होता. निष्कर्ष सरळ वाटतो: हालचाल हातात आहे, ती वाढवा. पण १९५६ साली त्याच गटाने गणवेशांच्या मापांची नोंद तपासली, तेव्हा ड्रायव्हरांच्या विजारींची कंबर कंडक्टरांपेक्षा मोठी निघाली, आणि तीही तरुण वयापासूनच. म्हणजे कोण कोणत्या कामाला जातो यातच शरीराच्या ठेवणीचा थोडा वाटा होता. हालचालीचा फायदा पुढच्या असंख्य अभ्यासांत टिकला, पण सवय आणि जन्मजात ठेवण एकमेकांत किती गुंतलेली असतात हे त्या विजारींनी दाखवले.

उलट बाजूचे उदाहरण अमेरिकेतल्या डॅलसचे. १९६६ साली विशीतल्या पाच निरोगी तरुणांना तीन आठवडे अंथरुणावर झोपवून ठेवले गेले. त्यांची प्राणवायू वापरण्याची कमाल क्षमता इतकी घसरली की तीस वर्षांनी, पन्नाशीत, त्याच पाच जणांना पुन्हा तपासल्यावर वयामुळे झालेली घसरण त्या तीन आठवड्यांपेक्षा कमी भरली. मग सहा महिने हळूहळू वाढवत नेलेल्या व्यायामाने ते विशीतल्या मूळ पातळीवर परत आले. ‘आता वय झाले’ या वाक्यात वयाचा वाटा किती आणि खुर्चीचा किती, हे वेगळे काढल्याशिवाय ते वाक्य कागदावर लिहू नये.

पायरी १: दोन नव्हे, तीन रकाने आखा

पहिला रकाना हाताबाहेरचा: वय, लिंग, आनुवंशिकता, हाडांची ठेवण आणि उंची, जन्मापासून आजवर होऊन गेलेले आजार, दुखापती, शस्त्रक्रिया. तिसरा हातातला: हालचाल, खाणे, झोप, तंबाखू, दारू, औषधे वेळेवर घेणे, तपासण्या. मधला रकाना बहुतेक यादींत नसतो आणि गोंधळ तिथेच होतो. हवामान, हवेचे प्रदूषण, कामाच्या पाळ्या, घरात आजारी माणसाची देखभाल, आधीच जडलेला दीर्घ आजार यांपैकी काही बदलता येत नाही, पण त्यांचा शरीराशी येणारा संपर्क कमी-जास्त करता येतो. एखादी गोष्ट कुठे टाकावी कळत नसेल तर स्वतःला विचारा: येत्या तीन महिन्यांत मी एकट्याने यात काही बदलू शकतो का? पूर्ण उत्तर ‘हो’ असेल तरच तिसरा रकाना.

मानसिक ताण लोक बिनदिक्कत तिसऱ्या रकान्यात टाकतात. ताणाचे कारण बरेचदा पहिल्या किंवा मधल्या रकान्यात असते. हातात असते ती झोपेची वेळ, दिवसातली मोकळी वीस मिनिटे आणि मदत मागणे. तेवढेच तिसऱ्यात लिहा, नाहीतर ‘ताण घेऊ नका’ हा सल्ला स्वतःलाच देऊन आणखी ताण वाढतो.

पायरी २: हाताबाहेरचा रकाना नीट भरा

सुरुवात कुटुंबापासून. आई, वडील, सख्खी भावंडे आणि मुले हे सर्वात जवळचे, पहिल्या श्रेणीचे नातेवाईक. त्यानंतर आजी-आजोबा, मामा, मावशी, काका, आत्या. प्रत्येकाबद्दल दोन गोष्टी विचारा: कोणता आजार आणि तो कितव्या वर्षी लागला. दुसरा प्रश्न जास्त महत्त्वाचा. ऐंशीव्या वर्षी आलेला हृदयविकाराचा झटका आणि पंचेचाळिसाव्या वर्षी आलेला झटका यांचा अर्थ सारखा नसतो. वडील किंवा भावाला ५५ वर्षांच्या आत, आई किंवा बहिणीला ६५ वर्षांच्या आत हृदयविकार झाला असेल तर तो अकाली धरतात आणि तुमचा धोका वाढलेला मानतात. ‘झोपेत गेले’, ‘अचानक कोसळले’ अशी उत्तरे येतील. तीही वयासकट लिहून ठेवा. डॉक्टरांना त्यांचा उपयोग होतो.

या माहितीवरून तपासण्या ठरतात. अकाली हृदयविकाराचा इतिहास असेल तर रक्तातल्या चरबीची तपासणी चाळिशीची वाट न पाहता करा. एलडीएल म्हणजे ‘वाईट’ कोलेस्टेरॉल १९० मिलिग्रॅम किंवा त्याहून जास्त आले तर ते निव्वळ खाण्यापिण्यामुळे असण्यापेक्षा वारशाने आले असण्याची शक्यता मोठी असते आणि पथ्यावर महिनोन्‌महिने काढण्यात अर्थ नसतो. लायपोप्रोटीन लिटल-ए नावाचा रक्तातला आणखी एक चरबीवाहक घटक जवळपास पूर्णपणे जनुकांवर ठरतो. तो आहाराने किंवा व्यायामाने फारसा हलत नाही, म्हणून आयुष्यात एकदा मोजला तरी बहुतेकांना पुरतो. तो जास्त निघाला तर रक्तदाब, एलडीएल आणि तंबाखू या बाकीच्या बाबतींत ढिलाईला जागा उरत नाही.

वंशाचाही मापावर परिणाम होतो. दक्षिण आशियाई वंशाच्या लोकांत त्याच वजनाला पोटातली चरबी जास्त आणि स्नायू कमी आढळतात, मधुमेह कमी वजनावर लागतो. म्हणून बीएमआयची (किलोतले वजन भागिले मीटरमधल्या उंचीचा वर्ग) २५ ही नेहमीची रेषा त्यांच्यासाठी उशिराची ठरते. २३ पासूनच सावध व्हायचे. कमरेच्या घेराची मर्यादाही पुरुषांसाठी ९० आणि स्त्रियांसाठी ८० सेंटिमीटर धरतात. युरोपीय वंशाच्या पुरुषांसाठी ती ९४ आहे. कोणत्याही वंशाला चालणारे सोपे माप हवे असेल तर कमरेचा घेर उंचीच्या निम्म्यापेक्षा कमी ठेवा: उंची १६० सेंटिमीटर तर घेर ८० च्या आत.

आनुवंशिकतेचा आणखी एक चेहरा व्यायामाच्या प्रतिसादात दिसतो. हेरिटेज या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कौटुंबिक अभ्यासात बैठ्या जीवनशैलीच्या ४८१ प्रौढांना २० आठवडे सारख्याच पद्धतीने व्यायाम दिला गेला. काहींचा दमसास जवळजवळ वाढलाच नाही, काहींचा सरासरीच्या दुपटीहून जास्त वाढला, आणि या फरकाचा साधारण निम्मा भाग कुटुंबाशी जोडलेला निघाला. शेजाऱ्याला सहा आठवड्यांत जमले ते तुम्हाला जमले नाही, याचे कारण आळसच असेल असे नाही. मात्र ज्यांचा दमसास वाढत नाही त्यांच्यापैकी बहुतेकांचा मात्रा वाढवल्यावर वाढतो, आणि दमसास वाढला नाही तरी साखर किंवा रक्तदाब सुधारू शकतो. म्हणून एकाच मापावर भरवसा ठेवू नये.

इथेच एक टिपण. ‘तुमच्या जनुकांनुसार व्यायाम’ सांगणाऱ्या चाचण्या विकत घेऊ नका. स्नायूंचा वेग, दम, ताकद यांवर शेकडो जनुकांचा थोडाथोडा परिणाम होतो. दोन-चार जनुके तपासून वेळापत्रक निघत नाही. तीच गत शरीराच्या ‘तीन प्रकारांची’. विल्यम शेल्डन यांनी १९४० च्या सुमारास मांडलेली स्थूल, पिळदार आणि कृश ही वर्गवारी वर्णनापुरती ठीक आहे, पण तिच्यावरून कोणी काय खावे हे ठरवणे म्हणजे राशीवरून चपलेचा नंबर काढणे.

आता वय. कमाल हृदयगतीसाठी ‘२२० वजा वय’ हे सूत्र सगळीकडे फिरते, पण वय वाढेल तसे ते आकडा कमी दाखवते. ‘२०८ वजा वयाच्या ०.७ पट’ हे सूत्र प्रौढांसाठी जास्त बरे. सत्तरीच्या व्यक्तीला पहिल्या सूत्राने १५० मिळतात, दुसऱ्याने १५९. दोन्हींत १०-१२ ठोके इकडेतिकडे होऊ शकतात, म्हणून हा आकडा काळ्या दगडावरची रेघ समजू नका. बैठ्या माणसाचा दमसास तिशीनंतर दर दशकाला साधारण १० टक्क्यांनी घटतो. नियमित व्यायाम करणाऱ्यांत ही घट जवळपास निम्म्यावर येते. स्नायूही दर दशकाला ३ ते ८ टक्के कमी होतात, साठीनंतर वेग वाढतो. यातून ठरते ते असे: वय जितके जास्त तितका ताकदीच्या व्यायामाला अग्रक्रम. लोक नेमके उलटे करतात, साठीनंतर फक्त चालतात. १९९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात नव्वदीच्या आसपासच्या दहा अशक्त वृद्धांना वजने वापरून पायांचा व्यायाम आठ आठवडे दिला, तेव्हा त्यांची पायांची ताकद सरासरी दुपटीहून जास्त झाली.

लिंगाच्या नोंदीत स्त्रियांनी दोन गोष्टी लिहायलाच हव्यात. पाळी चालू असेल तर हिमोग्लोबिन: गरोदर नसलेल्या स्त्रीचे १२ ग्रॅमपेक्षा कमी असेल तर जिना चढताना लागणारा दम ‘स्टॅमिना नसल्याचा’ नसून रक्तक्षयाचा असू शकतो, आणि त्यावर जास्त चालणे हा इलाज नव्हे. दुसरी गोष्ट पाळी कधी थांबली. रजोनिवृत्तीनंतरच्या पहिल्या ५ ते ७ वर्षांत हाडांची घनता २० टक्क्यांपर्यंत घटू शकते. पाळी लवकर थांबली असेल तर हा हिशेबही लवकर सुरू होतो. गरोदरपणात साखर वाढली होती का, रक्तदाब वाढला होता का, हेही लिहा. बाळंतपणानंतर आकडे सामान्य झाले तरी पहिल्याने पुढे मधुमेहाचा आणि दुसऱ्याने हृदयविकाराचा धोका वाढलेला राहतो. पुरुषांनी निर्धास्त राहावे असे नाही: हृदयविकार त्यांना सरासरीने काही वर्षे आधी गाठतो.

पायरी ३: आजची मापे घ्या

कमरेचा घेर: शेवटची बरगडी आणि कंबरेच्या हाडाचा वरचा काठ बोटाने चाचपा, दोन्हींच्या मधोमध टेप आडवी धरा, श्वास सहज सोडून झाल्यावर वाचा. पँटच्या पट्ट्याची जागा ही कंबर नव्हे. ती पोटाखाली सरकलेली असते आणि माप कमी येते.

विश्रांतीची नाडी: सकाळी उठल्याबरोबर, अंथरुणात, पूर्ण ६० सेकंद. ६० ते १०० सामान्य. सतत १०० च्या वर किंवा ठोके अनियमित असतील तर ईसीजी करून घ्या. पंधरा सेकंद मोजून चारने गुणले तर एका ठोक्याची चूक चार ठोक्यांची होते.

रक्तदाबावर जरा थांबू, कारण सगळ्यात जास्त चुका इथे होतात. मोजण्याआधी अर्धा तास चहा, कॉफी, तंबाखू, व्यायाम नको. लघवी करून या. भरलेल्या मूत्राशयाने आकडा वाढतो. पाठ टेकून, पाय जमिनीवर सपाट ठेवून पाच मिनिटे गप्प बसा. पायावर पाय नको. हात टेबलावर अशा उंचीला ठेवा की पट्टा हृदयाच्या पातळीला येईल. हात खाली लोंबत असेल तर वरचा आकडा १० किंवा त्याहून जास्त वाढलेला दिसू शकतो. पट्टा उघड्या दंडावर, बाहीवर नव्हे. पट्ट्याच्या आतली हवेची पिशवी दंडाचा सुमारे ८० टक्के वेढा घेईल एवढी हवी. जाड दंडाला छोटा पट्टा लावला की खोटाच उच्च रक्तदाब निघतो. मोजताना बोलू नका. एक-दोन मिनिटांच्या अंतराने दोनदा मोजा. पहिल्यांदा दोन्ही दंडांवर घ्या आणि पुढे ज्या हाताचा आकडा जास्त तोच हात वापरा.

एका दिवसाचा आकडा काही सांगत नाही. सात दिवस सकाळ-संध्याकाळ दोन-दोन नोंदी करा, पहिला दिवस सोडून द्या आणि उरलेल्यांची सरासरी काढा. घरच्या मापाने सरासरी १३५/८५ किंवा वर असेल तर डॉक्टरांना भेटा. १८०/१२० च्या वर आकडा आणि सोबत छातीत दुखणे, धाप, दृष्टी धूसर होणे, हातपाय लुळे पडणे यांपैकी काही असेल तर वाट न बघता तातडीने रुग्णालय गाठा.

पायांची ताकद: सुमारे ४३ सेंटिमीटर उंच खुर्ची भिंतीला टेकवा. हात छातीवर दुमडून ३० सेकंदांत किती वेळा पूर्ण उभे राहून परत बसता ते मोजा. हाताचा आधार घ्यावा लागला तर नोंद शून्य. ६० ते ६४ वयात पुरुषाचे १४ पेक्षा आणि स्त्रीचे १२ पेक्षा कमी, ७० ते ७४ वयात अनुक्रमे १२ आणि १० पेक्षा कमी येणे म्हणजे पडण्याचा धोका वाढलेला. साठीच्या आतल्यांनी हीच चाचणी स्वतःच्या पुढच्या नोंदीशी तुलना करायला वापरावी. तोल बघायला एका पावलाची टाच दुसऱ्याच्या बोटांना लावून, भिंतीजवळ, १० सेकंद उभे राहा.

दमसास: ठरावीक सपाट रस्त्यावर १२ मिनिटांत जास्तीत जास्त किती मीटर चालता आले ते लिहा, थांबताक्षणीची नाडीही लिहा. धावण्याची सवय असलेल्यांसाठी केनेथ कूपर यांची १९६८ ची १२ मिनिटांची धाव आहे: अंतरातून ५०४.९ वजा करून ४४.७३ ने भागले की प्राणवायू वापरण्याच्या क्षमतेचा अंदाज मिळतो. २४०० मीटरला तो ४२ च्या वर येतो. सवय नसलेल्याने पहिल्याच दिवशी ही धाव घेऊ नये. कमाल जोराची चाचणी ही पहिली पायरी नसते.

रक्ताच्या तपासण्यांत उपाशीपोटी साखर, एचबीए१सी (गेल्या दोन-तीन महिन्यांतली सरासरी साखर), चरबी, हिमोग्लोबिन आणि क्रिएटिनिन (मूत्रपिंडाच्या कामाचा अंदाज) एवढ्यांनी सुरुवात पुरे. आठ तासांच्या उपासानंतर साखर १०० ते १२५ किंवा एचबीए१सी ५.७ ते ६.४ असेल तर ती मधुमेहाच्या अलीकडची पायरी; १२६ आणि ६.५ पासून मधुमेह, पण लक्षणे नसतील तर निदान पक्के करायला दुसऱ्यांदा तपासतात.

पायरी ४: व्यायामाआधीची चाळणी

श्रम केल्यावर छातीत दाब किंवा दुखणे, चक्कर येऊन पडणे, नेहमीच्या कामातही धाप, चालताना पोटरीत गोळा येऊन थांबल्यावर जाणे, पायांवर सूज: यांपैकी काही असेल तर आधी डॉक्टर, मग व्यायाम. औषधेही बघा. अटेनोलॉल, मेटोप्रोलॉल यांसारखी बीटा-ब्लॉकर औषधे नाडी फारशी वाढू देत नाहीत. त्यामुळे नाडीचे लक्ष्य गाठायच्या नादात माणूस झेपेल त्यापेक्षा जास्त जोर करतो. अशांनी बोलण्याची कसोटी वापरावी: चालताना वाक्य बोलता येते पण गाणे म्हणता येत नाही, तो मध्यम जोर. इन्सुलिन किंवा साखर झपकन उतरवणाऱ्या गोळ्या चालू असतील तर व्यायामाआधी साखर मोजा. ९० पेक्षा कमी असेल तर थोडे पिष्टमय खाऊन मगच निघा.

पायरी ५: हातातल्यांपैकी आधी काय

सगळे एकदम बदलायला जाऊ नका. क्रम आमच्या मते असा असावा. तंबाखू असेल तर दुसरे काहीही त्याच्या आधी नाही. धुरातला कार्बन मोनॉक्साइड हिमोग्लोबिनला चिकटून प्राणवायूची जागा अडवतो. सोडल्यावर दोन-एक दिवसांत तो उतरतो आणि वर्षभरात हृदयविकाराचा वाढीव धोका साधारण निम्म्यावर येतो. नुसत्या निर्धारापेक्षा निकोटिनचे पॅच किंवा गम, औषधे आणि समुपदेशन एकत्र वापरल्यावर यश जास्त येते. त्यानंतर आधीच लिहून दिलेली रक्तदाबाची, साखरेची औषधे नियमित घेणे. याला लोक ‘जीवनशैली’ समजत नाहीत, पण हातात असलेला हाच घटक सर्वात कमी कष्टाचा.

मग झोप. प्रौढाला सात तासांपेक्षा कमी झोप पुरत नाही. उठण्याची वेळ आधी पक्की करा, झोपण्याची आपोआप जागेवर येते. कॅफिनचा निम्मा भाग पाच-एक तासांनीही रक्तात असतो, म्हणून शेवटचा कप झोपेच्या आठ तास आधी. मोठ्याने घोरणे, मधेच श्वास थांबणे आणि दिवसा पेंग येणे हे त्रिकूट असेल तर लवकर झोपण्याने भागणार नाही. झोपेतल्या श्वासरोधाची तपासणी करा.

खाण्याचे आकडे थोडक्यात: दिवसाला एकूण मीठ ५ ग्रॅमच्या आत, भाज्या-फळे मिळून किमान ४०० ग्रॅम. प्रथिने वजनाच्या प्रत्येक किलोला किमान ०.८ ग्रॅम, साठीनंतर १ ते १.२, म्हणजे ६० किलोच्या ज्येष्ठाला ६० ते ७२ ग्रॅम, आणि ती एकाच जेवणात नव्हे तर तिन्ही वेळांत विभागून. मूत्रपिंडाचा आजार असेल तर हा आकडा डॉक्टरांना विचारूनच. दारूबाबत जागतिक आरोग्य संघटनेची भूमिका सरळ आहे: सुरक्षित अशी कोणतीही मात्रा नाही.

आनुवंशिकतेपुढे या सवयी कितपत टिकतात? अमेरिकेतल्या मधुमेह प्रतिबंधाच्या मोठ्या चाचणीत, जिचे निष्कर्ष २००२ मध्ये आले, साखर वाढू लागलेल्या लोकांना ७ टक्के वजन उतरवणे आणि आठवड्याला १५० मिनिटे हालचाल हे लक्ष्य दिले. मधुमेह होण्याचे प्रमाण ५८ टक्क्यांनी घटले. मेटफॉर्मिन हे मधुमेहाचे औषध घेणाऱ्यांत ३१ टक्क्यांनी. मधुमेहाशी जोडलेले टीसीएफ७एल२ या जनुकाचे धोकादायक रूप ज्यांच्यात होते, त्यांनाही जीवनशैलीच्या गटात फायदा झाला.

पायरी ६: बारा आठवडे

जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२० च्या शिफारशीनुसार प्रौढाने आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम किंवा ७५ ते १५० मिनिटे जोरकस हालचाल आणि किमान दोन दिवस ताकदीचा व्यायाम करावा. ६५ नंतर तोलाचे व्यायाम आठवड्यातून तीन दिवस. हे गाठायचे ठिकाण आहे, सुरू करायचे नव्हे.

आठवडा १-२: रोज दोनदा १० मिनिटे भरभर चालणे, पाच दिवस. मिनिटाला साधारण १०० पावले पडली की मध्यम जोर. आठवडा ३-४: दोनदा १५ मिनिटे, १५० मिनिटे इथेच भरतात. आठवडा ५-८: सलग ३० मिनिटे, त्यात एक मिनिट जोरात आणि दोन मिनिटे सावकाश असे चार फेरे. आठवडा ९-१२: आठवड्याला आणखी एक सत्र, किंवा प्रत्येक सत्राला १० मिनिटे जास्त. दोन्ही एकदम नाही.

नाडीने जोर ठरवायचा असेल तर कमाल गतीतून विश्रांतीची नाडी वजा करा, उरलेल्याचे ४० ते ५९ टक्के काढून परत विश्रांतीची नाडी मिळवा. वय ५०, विश्रांतीची नाडी ७६ असेल तर कमाल १७३, फरक ९७. मध्यम जोराची पट्टी ११५ ते १३३.

ताकदीसाठी आठवड्यातून दोन दिवस, मध्ये ४८ तास अंतर. खुर्चीतून उठबस, भिंतीवर पुशअप, रबर बँड ओढणे, टाचा उचलणे, पाठीवर झोपून कंबर उचलणे. प्रत्येकाची ८ ते १२ आवर्तने. पहिले दोन आठवडे एक संच, मग दोन, सातव्या आठवड्यापासून तीन, दोन संचांमध्ये ६० ते ९० सेकंद विश्रांती. शेवटची दोन-तीन आवर्तने जड गेली नाहीत तर ती ताकद वाढवत नाहीत. बारा सहज होऊ लागली की अवघड रूप घ्या: भिंतीऐवजी टेबल, मग जमीन. जोर लावताना श्वास सोडा. श्वास कोंडला की रक्तदाब उसळतो.

स्नायूंचा ठणका २४ ते ७२ तासांत सर्वात जास्त असतो आणि मग उतरतो, तो चालतो. सांध्यात टोचणारी, एका जागी बोट ठेवता येणारी कळ चालत नाही. तो व्यायाम थांबवून त्याचे हलके रूप घ्या. ताप असताना व्यायाम नाही. दोन आठवडे खंड पडला तर सोडला होता तिथून नव्हे, दोन पायऱ्या मागून सुरू करा.

पायरी ७: मधला रकाना

उष्ण हवेची सवय व्हायला ७ ते १४ दिवस लागतात. तोवर घाम लवकर सुटू लागतो, रक्तातले पाणी वाढते. पहिल्या तीन-चार दिवसांत नेहमीच्या निम्माच व्यायाम करा. लघवी वाढवणाऱ्या रक्तदाबाच्या गोळ्या चालू असतील तर उन्हाळ्यापूर्वी मात्रेबद्दल डॉक्टरांशी बोला. समुद्रसपाटीपासून २५०० मीटरच्या वर उंचीचा त्रास संभवतो, आणि उत्तम तंदुरुस्ती त्यापासून वाचवत नाही. उलट धडधाकट माणूस भरभर चढून आधी आजारी पडतो. ३००० मीटरनंतर मुक्कामाची उंची दिवसाला ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नका.

खराब हवेत व्यायामाची जागा आणि वेळ हातात असते. रहदारीच्या कडेपासून शे-दोनशे मीटर आत गेले तरी धुराचे कण बरेच कमी होतात. कडक उन्हाच्या दुपारी ओझोन जास्त असतो, तर थंडीत पहाटे कण जमिनीलगत अडकतात. हवेचा निर्देशांक फारच वाईट असेल त्या दिवशी ताकदीचा व्यायाम घरात करा. रात्रपाळी असेल तर सुट्टीच्या दिवशीही झोपेचे निदान चार तास रोजच्या वेळेशी जुळवून ठेवा आणि खोली पूर्ण अंधारी करा.

पायरी ८: पुन्हा मोजा आणि आकडे वाचा

बाराव्या आठवड्यानंतर तीच खुर्ची, तोच रस्ता, तीच वेळ. वजन न हलता कंबर दोन-तीन सेंटिमीटर कमी झाली असेल तर ते अपयश नव्हे. ७० किलोच्या माणसाची अर्धा तास भरभर चालण्यात साधारण १४० कॅलरी खर्च होतात, म्हणून खाणे न बदलता नुसत्या चालण्याने काटा फारसा उतरणार नाही हे आधीच गृहीत धरा. त्याच अंतराला नाडी कमी चढली तर दमसास वाढला. उठबस वाढली पण १२ मिनिटांचे अंतर तेवढेच असेल तर चालण्याचा जोर कमी पडतो आहे. आठवड्याला दोन सत्रे वाढवून आणखी सहा आठवडे बघा. सगळे नेमाने करूनही रक्तदाब किंवा एलडीएल जागचे हलले नाहीत तर पहिल्या रकान्याचा जोर मोठा आहे असे समजा आणि औषधाचा विषय डॉक्टरांकडे स्वतःहून काढा. तीन महिने प्रामाणिकपणे केल्यावर औषध लागणे यात कमीपणा नाही. ‘अजून थोडे पथ्य करून बघतो’ म्हणत वर्षे घालवण्यात मात्र धोका आहे.

नोंदी दर तीन महिन्यांनी, रक्ताच्या तपासण्या आकडे सामान्य असतील तर डॉक्टर सांगतील त्या अंतराने. पहिला रकानाही कायमचा नसतो. घरात कुणाला नवे निदान झाले की त्याच आठवड्यात कागदावर वयासकट टिपून ठेवा आणि एक प्रत सख्ख्या भावंडांना पाठवा. त्यांचा पहिला रकाना बराचसा तोच आहे.